चार हात फिल्म

पडद्याच्या मागच्या बाजूला बसून सिनेमा बघितलेली माणसं शिरूर तालुक्यात अजून बरीच आहेत, फक्त आता ती आजी-आजोबा झालीत. गणपतीत किंवा जत्रेत चौकात पडदा बांधला की पुढं पुरुष बसायचे आणि मागं बायका-पोरं. मागून सगळं उलट्या हाताचं दिसायचं. हिरो डाव्या हातानं ठोसे मारायचा आणि दुकानाच्या पाट्या वाचता यायच्या नाहीत. तक्रार मात्र कुणी केली नाही. एकदा एका म्हातारीला मानानं पुढं आणून बसवलं, तर थोड्या वेळानं ती उठून परत मागं गेली. म्हणाली, "ह्यो त्यो न्हवं. त्यो डावरा हाय."

मी त्या पडद्यासमोर मशीन लावणारा. आमचं घराणं मेंढरांमागचं. वडिलांनी उरलेली मेंढरं विकून मला सोळा एमएमचं जुनं मशीन घेऊन दिलं, तेव्हा आमच्या आत्यानं त्यांना आठ दिवस बोलून घेतलं होतं. सोळा एमएम म्हणजे बोटभर रुंदीची फिल्म. थिएटरातली त्याच्या दुप्पट असते. आमचं मशीन एका माणसाला उचलता यायचं, बैलगाडीत बसायचं, एसटीच्या टपावरही जायचं. एकच मशीन असल्यामुळं दर रिळाला दिवा लावून थांबावं लागायचं, आणि तेवढ्यात शेंगदाणेवाल्याचा धंदा व्हायचा.

या धंद्यात शहाणपण दोन गोष्टींत असतं. एक म्हणजे चालती फिल्म मध्येच थांबवायची नाही. दिव्याची आग एवढी असते की चित्र उभं राहिलं तर क्षणात जळून जातं, पडद्यावर तपकिरी डाग पसरत जाताना दिसतो. एका गावात सरपंचांना शेवटची एसटी गाठायची होती, म्हणून ते म्हणाले, "मास्तर, शेवटची मारामारी आधी दाखवा, मग मधलं काय दावायचं ते दावा." ते मी केलं. पण दुसऱ्या एकानं नटी आवडली म्हणून "जरा धरून ठेवा की तिला" असा हुकूम सोडला, तेव्हा मी साफ नाही म्हणालो. धरून ठेवली तर नटीच राहणार नाही, हे त्याला पटवेस्तोवर माझ्या तोंडाला फेस आला.

दुसरी गोष्ट जोडाची. फिल्म तुटते, भोकं फाटतात, ओरखडे पडतात. ओरखड्यांना आम्ही पाऊस म्हणायचो. खराब तेवढा तुकडा पात्यानं कापायचा, दोन्ही टोकं खरवडून सिमेंट नावाचा डिंक लावून जोडायची आणि एक श्वास दाबून धरायची. माझ्या जोडावरून बोट फिरवलं तर कळायचं नाही. पुण्याचे फिल्म भाड्यानं देणारे शेठ इतरांकडून आलेलं रीळ तपासून घ्यायचे, माझं नुसतं डब्यात ठेवायचे. याचा मला गर्व होता आणि अजून आहे. ज्या उस्तादांकडं मी शिकलो ते म्हणायचे, "कापलेला तुकडा फेकायचा नाही. कुणाचं काय त्यात असेल, सांगता येत नाही." म्हणून माझ्या हत्यारपेटीत बिस्किटाचा एक मोठा पत्र्याचा डबा कायम असायचा, त्यात सगळे तुकडे.

आता ज्यासाठी लिहायला बसलो ते सांगतो. शहाण्णव-सत्त्याण्णव साल असावं. गावोगाव केबल आली होती आणि माझं मशीन महिना-महिना कापडाखाली राहायला लागलं होतं. एका गुरुवारी शिरूरला माझ्या खोलीसमोर एक मुलगी येऊन उभी राहिली. केस पोरांसारखे कापलेले, खांद्याला झोळी, झोळीत फिल्मचा गोल डबा. नाव अनघा, पुण्याची. तिनं स्वतः सिनेमा काढला होता आणि तो रविवारी सकाळी दौंडला रेल्वे कॉलनीतल्या हॉलमध्ये दाखवायचा होता.

"कुठला सिनेमा?" मी विचारलं.

"अंडरग्राउंड म्हणतात याला, मामा. गोष्ट वगैरे नाही. रॉक वाजवणारी तीन मुलं आहेत, इनामगावला घोड नदीच्या पात्रात वाजवतायत. आवाजही नाही, तो ती मुलं समोर बसून वाजवणार."

इनामगावला जमिनीखालून हजारो वर्षांपूर्वीची खापरं निघालेली ऐकून होतो, सिनेमा निघालेला पहिल्यांदाच ऐकला. पण तिचा चेहरा चेष्टा करण्यासारखा नव्हता. तिनं सांगितलं ते असं. बँड दौंडचा. गिटार वाजवणारा ग्लेन, मेलगाडीच्या ड्रायव्हरचा मुलगा. त्याचा एक मावसभाऊ. आणि तिसरा दत्तू, वडगाव रासाईचा. दत्तू दौंडला गॅरेजमध्ये गाड्यांचे पोचे काढायचा. पत्र्यावर हातोडी मारता मारता तो असा ताल धरायचा की रस्त्यानं चाललेला ग्लेन ऐकत उभा राहिला, आणि संध्याकाळी त्याला घरी घेऊन गेला. दत्तूच्या घरात धनगरी गजी नाचाच्या ढोलाची परंपरा, त्यामुळं पोराला ड्रम शिकवावाच लागला नाही.

"शूटिंगनंतर त्याला कावीळ झाली," अनघा म्हणाली. "दोन महिने झाले, मामा. गेला तो."

पोरगं आमच्यासारख्याच मेंढरांमागच्या घरातलं.

"त्याच्या आईकडं शाळेतला एक फोटो आहे, त्यातही डोळे मिटलेत. हलताना तो फक्त या सिनेमात आहे. त्यातही सगळीकडं हात नाहीतर पाठ. चेहरा एकाच ठिकाणी आहे. रविवारी त्या येणार आहेत बघायला. पुण्यातले लोक आधी पुण्यात दाखव म्हणतात, पण मी म्हटलं, ज्यांचा आहे त्यांना आधी."

हे मला आवडलं. आम्हीही जत्रेत पहिलं रीळ देवळाच्या दाराकडं तोंड करून देवाला दाखवायचो, मग गावाला.

"एकच प्रत आहे," ती जाताना म्हणाली. "दुसरी काढता येत नाही, मूळ फिल्मच ही आहे. नीट दाखवा, मामा."

नीट दाखवा. या दोन शब्दांनी घात केला.

संध्याकाळी मी फिल्म तपासायला बसलो. दोन्ही बोटांच्या चिमटीतून रीळ हळूहळू सोडायचं, बोटांनाच फाटलेलं भोक कळतं. पण हे रीळ बघून मला घाम फुटला. मध्येच फिल्म सुईनं ओरबाडल्यासारखी. मध्येच लाल-निळे डाग, नखाला लावायचा रंग सांडल्यासारखे. कुठं चार-पाच सेकंद काळाकुट्ट अंधार, कुठं चित्रंच उलटी, डोकं खाली पाय वर. एक तुकडा तर भाजलेला. माझ्या मनात आलं, या पोरीला कुणीतरी फसवलंय. फिल्म धुणाऱ्यानं वाट लावली आणि हिला अजून पत्ताच नाही. आणि ही फिल्म कोण बघणार, तर पोर गेलेली आई. तिला हा पाऊस आणि हे डाग दाखवायचे?

शुक्रवार-शनिवार मी दुसरं काही केलं नाही. ओरबाडलेलं कापलं, डागाळलेलं कापलं, काळं कापलं, उलटं कापलं. इतके सुंदर जोड आयुष्यात दिले नसतील. बायको म्हणाली, "जेवा तरी." मी म्हणालो, "माऊलीचं काम हाय." सुरुवातीला मशीनमध्ये ओवायला कोरी फिल्म लागते, तिला आम्ही शेपूट म्हणतो. ती दिव्यापुढं येत नाही, दिवा लागायच्या आत पुढं सरकलेली असते. या रिळाला शेपूटच नव्हती. मग कापलेल्यातलाच एक मजबूत, लांब तुकडा शेपूट म्हणून पुढं जोडला. रविवारी पहाटे नारळ फोडून, मशीन जीपमध्ये टाकून मी खुशीत दौंडला निघालो.

नऊ वाजता हॉलच्या खिडक्यांना काळी कापडं लावून तालमीला सुरुवात केली. ग्लेन उंच, हडकुळा, केस मानेवर. मावसभाऊ येऊ शकला नव्हता, म्हणून वाजवायला तो एकटाच. ड्रमचा सेट स्टेजवर मांडला होता, पण त्याच्यामागं कुणी नव्हतं. ती जागा त्यांनी तशीच ठेवली होती. मी मशीन सुरू केलं. ग्लेन पडद्याकडं बघत वाजवायला लागला. दोन मिनिटांत तो अडखळला, पुन्हा सुरू झाला, पुन्हा अडखळला. मग सिनेमा संपला, पडदा पांढरा झाला, आणि ग्लेन वाजवतच होता.

"मामा, गाना बाकी है," तो म्हणाला. "दो मिनट का."

अनघा माझ्याकडं आली. तिचा आवाज अगदी बारीक झाला होता. "मामा, रीळ तपासताना काही झालं का?"

मी छाती काढून सांगितलं, "ताई, लई खराब झाली होती. दोन दिस बसून समदी नीट केली."

ती खुर्चीवर बसली. मग तिनं मला समजावलं, आणि खरं सांगतो, ओरडली असती तर बरं झालं असतं. ते ओरखडे तिनं स्वतः सुईनं काढले होते, एकेका चित्रावर, तीन महिने बसून. रंग तिनंच लावला होता. काळं मुद्दाम होतं. भाजलेलंसुद्धा तिनंच मेणबत्तीवर भाजलं होतं. करायला गेलो गणपती आणि झाला मारुती, अशी गत.

"दत्तूचा चेहरा?" मी विचारलं.

"उलटा होता," ती म्हणाली. "कॅमेरा उलटा धरून घेतलेला. भोवती सुईनं किरणं काढली होती."

माझी पाचावर धारण बसली. दहा वाजत आले होते. अकराचा खेळ. वडगाव रासाईहून दत्तूची आई कुठल्याही एसटीनं उतरणार होती, आणि तिचं पोर मी कापून टाकलं होतं.

फेकलं मात्र नव्हतं. हत्यारपेटीतला डबा काढून मी टेबलावर ओतला. वीस-एक गुंडाळ्या पडल्या. पण कुठली कुठून कापली, हे मी लिहून ठेवलेलं नव्हतं. कचऱ्याचा हिशोब कोण ठेवतो? अनघाची वही पुण्याला राहिलेली. ती एक एक तुकडा उजेडात धरून बघायची आणि मान हलवायची.

मार्ग काढला तो ग्लेननं. गिटार मांडीवर घेऊन तो टेबलाशी बसला. "सिनेमा मला नाही येत पाठ," तो म्हणाला, "गाणं येतं." तो वाजवायचा आणि थांबून सांगायचा, "इथं काळं. दोन वेळा एक-दोन-तीन-चार, एवढंच." आता, मला वेळ हातानं मोजता येतो. कोपरापासून बोटाच्या टोकापर्यंत एक हात. एक हात फिल्म म्हणजे अडीच सेकंद. तो ताल मोजायचा, मी हातानं फिल्म मोजायचो. "दीड हात काळं," मी म्हणायचो, आणि ढिगात दीड हाताचं काळं बरोबर सापडायचं. मग लाल डाग. मग ओरखडे. अनघा तुकडा शोधायची, मी पूर्वीचा जोड कापायचो आणि नवा द्यायचो. त्या तासाभरात आम्हा तिघांना एकमेकांची भाषा पुरी कळली. रॉक म्हणजे काय, हे मला आजही सांगता येणार नाही, पण त्यात गप्प राहण्याच्या जागा मोजून ठेवलेल्या असतात, हे पक्कं कळलं.

"आता दत्तू," ग्लेन म्हणाला. "दहा सेकंद."

चार हात. टेबलावर चार हातांचा तुकडाच उरला नव्हता. डबा उपडा करून झटकला. पेटी धुंडाळली. जीपमध्ये बघून आलो. दाराशी माणसं जमायला लागली होती. तेवढ्यात काठापदराचं हिरवं लुगडं नेसलेली एक बाई आत आली आणि भिंतीला टेकून उभी राहिली. ओळख करून द्यायची गरजच नव्हती. अनघानं तिला पुढच्या खुर्चीवर बसवलं. भागाबाई तिचं नाव.

ती माझ्याकडं वळून म्हणाली, "मशीनवाले दादा, दिसंल न्हवं माझा दत्तू? लांबनं आले."

"दिसंल, अक्का," मी म्हणालो. जीभ झडली कशी नाही, माझं मला माहीत.

निदान मशीन तरी तयार ठेवू म्हणून त्याच्याकडं गेलो. तालमीनंतर रीळ परत गुंडाळून जोडणीला घेताना सुरुवातीची शेपूट मी तोडून मशीनमध्ये ओवून ठेवली होती, खेळाच्या वेळी ओवायचा त्रास नको म्हणून. ती शेपूट मी बघितली. मजबूत, लांब तुकडा. मी ती बाहेर ओढली आणि कोपरावर मोजली. एक, दोन, तीन, चार. खिडकीचं कापड सारून उजेडात धरली. नखाएवढ्या चौकटीत डोकं खाली असलेला एक पोरगा, गळ्यात ढोल, हातात काठी, तोंडभर हसणं, आणि भोवती सुईच्या रेघा. दोन दिवस मी त्याच्यावरून बोटं फिरवत होतो आणि मला फक्त ओरखडे दिसले होते. तालमीत तो मशीनमधून गेलासुद्धा, पण अंधारात.

मी तो अनघाला दाखवला. तिनं माझा दंड घट्ट धरला. मी धोतराच्या मऊ कापडानं माझ्या बोटांचे ठसे पुसले आणि तो जागेवर जोडला.

अकराचा खेळ बाराला सुरू झाला. पुण्याहून आलेली आठ-दहा मंडळी हनुवटीला हात लावून बघत होती, रेल्वे कॉलनीतले म्हातारे कानांवर हात ठेवून. मला सिनेमा आवडला का? नदीचं वाळवंट, तीन पोरं, लाल डाग, अंधार. कळला नाही, पण ज्या अंधाराला मी घाण म्हणून कापलं होतं, तो आला की मी ग्लेनसारखा ताल मोजायला लागायचो, हे खरं. मग दत्तू आला. उलटा, हसत, ढोल वाजवत. दहा सेकंद. आणि गेला.

खेळ संपल्यावर टाळ्या झाल्या, लोक चहाला बाहेर गेले. भागाबाई खुर्चीवरून उठली नाही.

"दादा," ती म्हणाली, "उलटाच का ओ होता त्यो? मला नीट वळखू आला न्हाई. आन् लगीच ग्येला. जरा धरून ठिवा की त्याला."

मघा सांगितलेला तो नटीवाला माणूस आठवला. तेव्हा मी साफ नाही म्हणालो होतो. आता सांगायचं कसं, की धरला तर जळून जाईल?

मी अनघाकडं बघितलं. "ताई, पुन्हा कापू का?"

"कापा," ती म्हणाली. "आणि सरळ करा."

तो चार हातांचा तुकडा मी कापला. टोकाकडून फिरवला, म्हणजे डोकं वर आलं. दोन्ही कडांना भोकं होती म्हणून जमलं. मात्र असं फिरवलं की शेवटचं चित्र आधी येतं, सगळं मागं चालतं. पण ढोल वाजवणं असं आहे की मागं चालवलं तरी वाजवणंच दिसतं. मग त्याचं शेवटचं टोक मी पहिल्या टोकाला जोडलं. फिल्मची माळ झाली, तिला आरंभ नाही आणि शेवट नाही. मशीनमध्ये ओवली, वरचा फास अनघानं एका पेन्सिलीवर तोलून धरला, आणि मी दिवा लावला.

दत्तू सरळ उभा होता. काठी ढोलावरून वर उडत होती, तो हसत होता. दहा सेकंद झाले, माझा जोड टक् करून गेला आणि तो पुन्हा हसायला लागला. पुन्हा. आणि पुन्हा. ग्लेन स्टेजवर मांडी घालून बसला होता, त्यानं गिटारला हात लावला नाही. प्रत्येक फेऱ्याला फिल्मवर थोडा पाऊस वाढत होता, ते मला दिसत होतं. अनघालाही दिसत असणार. तीन महिन्यांची तिची किरणं झिजत होती आणि तिची पेन्सिल हलत नव्हती. माझ्या डोळ्यांना धारा लागल्या होत्या आणि मी त्या पुसल्या नाहीत, कारण एक हात मशीनवर ठेवावा लागतो.

किती फेरे झाले मोजले नाहीत. आयुष्यात तेवढंच एक मी मोजलं नाही. शेवटी भागाबाईनं पदर सावरला आणि माझ्याकडं वळून हळूच म्हणाली,

"बास करा आता, दादा. दमला आसंल त्यो. लई येळ वाजवतुया."